वाचकांचे प्रश्न : पट्टे सगळ्यांनाच असतात

फुलोरा सुरू झालाय आणि गुऱ्हाळंही अजून थंडावलेली नाहीत. त्यामुळे या वेळच्या टपालात माश्यांचेच प्रश्न जास्त. बहुतेकांनी वर्णन मात्र दोन शब्दांत उरकलंय : पिवळे-काळे पट्टे. एवढ्यावरून माशी सांगता येत नाही. म्हणून पहिलं उत्तर जरा ऐसपैस दिलंय. पुढची उत्तरं वाचताना ते हाताशी असू द्या.

प्रश्न : दारातल्या तुळशीला मंजिऱ्या आल्या की चार-पाच प्रकारच्या पट्टेवाल्या माश्या येतात. मधमाशी कुठली, गांधीलमाशी कुठली आणि निरुपद्रवी कुठली, हे जवळ न जाता कसं ओळखायचं? – राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर : पट्टे सगळ्यात शेवटी बघा. ज्याला नांगी आहे तो किडा पट्टे मिरवतो, आणि ज्याला नाही तो त्याची नक्कल करतो. पाखरं फसावीत म्हणूनच ही सोंगं आहेत, तेव्हा आपण फसलो तर नवल नाही.

आधी तोंडाकडे बघा. मधमाशी आणि गांधीलमाशी, दोघींच्या मिशा लांब असतात, स्पष्ट दिसतात आणि कोपरात दुमडल्यासारख्या वाकतात. पट्टेवाली साधी माशी असेल तर मिशा जवळजवळ दिसत नाहीत आणि डोळे एवढे मोठे की डोकं म्हणजे नुसते डोळेच वाटावेत. पुस्तकात ‘माशीला दोन पंख, मधमाशीला चार’ असं वाचलेलं असतं. ते खरं आहे, पण बाहेर उपयोगाचं नाही. मधमाशीचा पुढचा आणि मागचा पंख बारीक आकड्यांनी एकमेकांत अडकलेला असतो, त्यामुळे चारही पंख दोनच दिसतात.

मग कंबर. गांधीलमाशीची कंबर दोऱ्याएवढी. मधमाशीलाही कंबर असते, पण केसांमुळे लपते. साध्या माशीला ती नसतेच, छातीला पोट थेट चिकटलेलं. केसांचा फरक उन्हात चटकन कळतो : मधमाशी लोकरी दिसते आणि अंगभर पराग चिकटलेला असतो, गांधीलमाशी पॉलिश केल्यासारखी चकचकीत. मधमाशीचे मागचे पाय रुंद आणि चपटे असतात, त्यावर पिवळी किंवा नारिंगी परागाची गोळी दिसली तर पुढे शोधायची गरज नाही. गांधीलमाशीचे पाय काटकुळे, काही जाती उडताना ते खाली लोंबते ठेवतात. ती बसली की पंख लांबीत घडी घालते, त्यामुळे दोन्ही बाजूंना अरुंद पट्ट्या ठेवल्यासारखं दिसतं.

शेवटी उडणं. एकाच जागी खिळा ठोकल्यागत हवेत थांबते आणि झटक्यात हातभर बाजूला सरकते, ती सिरफिड माशी. तिला नांगी नाही. तुळशीवर आणखी एक पाहुणी हमखास येते : गोलसर, गुबगुबीत, पोटावर निळसर-पांढऱ्या चकचकीत कडा, फार चपळ आणि आवाज बारीक. ही निळ्या पट्ट्यांची एकटी राहणारी मधमाशी. तिला मोहोळ नसतं. मातीच्या भिंतीत किंवा भुसभुशीत जमिनीत बीळ करून राहते.

खात्रीच करायची असेल तर रुंद तोंडाची काचेची बरणी फुलावर उपडी धरा, खालून जाड कागद सरकवा, झाकण लावा आणि बरणी फ्रिजमध्ये दहा मिनिटं ठेवा. फ्रीजरमध्ये नको. माशी सुस्तावते. बाहेर काढून पट्टीशेजारी ठेवा आणि वरून, बाजूने, तोंडासमोरून असे तीन फोटो घ्या. चार-पाच मिनिटांत ऊब लागली की ती आपोआप उडून जाते, म्हणून हे काम उघड्या खिडकीजवळ करावं. आम्हाला येणारे फोटो बहुधा फक्त पाठीचे असतात, आणि पाठीवर असतात ते पट्टेच.

प्रश्न : गच्चीवर वाळत घातलेल्या कपड्यांवर आणि खाली लावलेल्या गाड्यांवर मोहरीएवढे पिवळे ठिपके पडतात. पेंट नाही, झाडाचा चीक नाही. शेजारी म्हणतात कारखान्याच्या धुराड्यातून येतं. माश्यांशी याचा काही संबंध आहे का? – ताराबाई पार्क, कोल्हापूर

उत्तर : आहे. ती मधमाश्यांची विष्ठा आहे, आणि एवढ्या प्रमाणात पडत असेल तर जवळपास आग्या मोहोळ आहे. आग्या माश्या, विशेषतः संध्याकाळी, मोठ्या संख्येने एकदम उडतात आणि पोट मोकळं करून परततात. ठिपका वाळला की चिमटीत चुरून सूक्ष्मदर्शकाखाली बघा. परागकणांची टरफलं दिसतात. कारखान्याला या वेळी दोष देता येणार नाही.

यावरून एकदा आंतरराष्ट्रीय भांडण झालं होतं. १९८१ मध्ये अमेरिकेने आरोप केला की लाओस आणि कंबोडियात विमानातून विषारी ‘पिवळा पाऊस’ पाडला जातोय. जीवशास्त्रज्ञ मॅथ्यू मेसेलसन आणि मधमाश्यांचे अभ्यासक थॉमस सीली यांनी नमुने आणि जागा तपासून दाखवलं की पानांवरचे ते ठिपके मधमाश्यांच्या विष्ठेचे होते.

ठिपके ज्या पट्ट्यात पडतात त्या रेषेत मान वर करून बघा : पाण्याची उंच टाकी, उंच इमारतीच्या सज्जाची खालची बाजू, वड-पिंपळ किंवा सावर. आग्याचं पोळं उघड्यावर, एकच, अर्धगोल, मोठं असेल तर मीटरभर रुंद. वरून काळसर-सोनेरी माश्यांची गोधडी पांघरल्यासारखं दिसतं आणि मधून मधून त्या गोधडीवरून लाट गेल्यासारखी चमक पसरते. ती लाट म्हणजे जवळ आलेल्या गांधीलमाशीला दिलेली तंबी.

कपडे ओले असतानाच चोळू नका, डाग पसरतो. वाळू द्या, ब्रशने झाडा, मग गार साबणाच्या पाण्यात भिजवा. गाडीवर आधी पाणी मारून ठिपका मऊ करा आणि मग पुसा. याच माश्या रात्री तुमच्या ट्यूबलाइटकडे येत असणार, कारण आग्या माशी चांदण्यातसुद्धा उडते आणि दिव्याला फसते. त्या बाजूची खिडकी सातनंतर लावून घ्या किंवा जाळी बसवा आणि गॅलरीतला पांढरा दिवा बदलून पिवळा लावा. सकाळी फरशीवर पडलेल्या माश्यांवरून अनवाणी चालू नका. मेलेल्या माशीचा काटासुद्धा तळपायात घुसतो.

प्रश्न : जुन्या वाड्याची डागडुजी करताना आढ्यात रिकामं पोळं सापडलं. कुठल्या माशीचं ते आता समजेल का? – गडहिंग्लज

उत्तर : माशीपेक्षा पोळं जास्त खरं बोलतं. तुकडा मुठीत दोन मिनिटं धरा. मऊ पडला तर मेण, म्हणजे मधमाशी. करड्या कागदासारखा कुस्करला तर गांधीलमाशी, ती लाकडाचे तंतू चघळून कागद बनवते. मधमाशीच्या पोळ्याला दोन्ही बाजूंनी आडवी घरं असतात. गांधीलमाशीच्या पोळ्याला एकाच बाजूला, आणि त्यांची तोंडं बहुधा खाली.

मेणाचं असेल तर पट्टी घ्या आणि एका सरळ रांगेतली दहा घरं मोजा. एकेक घर मोजत बसलात तर चूक होते, दहाची बेरीज खोटं बोलत नाही. सुमारे ३ सेंटिमीटर भरली तर फुलोरी, म्हणजे छोटी मधमाशी. ४.३ ते ४.५ च्या आसपास भरली तर सातेरी, आपली देशी मधमाशी. ५.४ च्या जवळ गेली तर आग्या, किंवा पेटीतली युरोपियन मेलिफेरा. तुमचं पोळं आढ्याच्या बंद पोकळीत होतं. त्यात शेजारी-शेजारी समांतर लटकणाऱ्या चार-सहा पोळ्यांच्या खुणा असतील तर ती सातेरीच. अशी अनेक पोळी लावते म्हणूनच तिला सातेरी म्हणतात, मात्र सातच असतील असं नाही. नरांच्या घरांची झाकणंही शोधा. सातेरीच्या नराच्या झाकणाला टोक असतं आणि टोकावर सुईने पाडल्यासारखं भोक. दुसऱ्या कुणाचं असं नसतं.

पोकळी बुजवणार असाल तर मेण खरवडून जागा नीट पुसून घ्या. जुन्या मेणाच्या वासावर पुढच्या वर्षी नवं वऱ्हाड येतं.

प्रश्न : पाटगावला मधपेट्या पाहिल्या. माश्या बारीक आणि काळपट होत्या. सूर्यफुलाच्या शेताकडेला मांडलेल्या पेट्यांतल्या माश्या मात्र मोठ्या आणि पिवळ्या होत्या. जात एकच, की खाण्यामुळे फरक पडतो? – कागल

उत्तर : जातच वेगळी. पाटगाव (ता. भुदरगड) भागातल्या पेट्यांत सातेरी असते, आपल्या सह्याद्रीतली मूळची. महाबळेश्वर तालुक्यातलं मांघर २०२२ मध्ये ‘मधाचं गाव’ म्हणून जाहीर झालं, त्यानंतर तो मान आपल्या जिल्ह्यातल्या पाटगावकडे आला. जांभूळ, हिरडा, कारवीसारखा जंगली फुलोरा सातेरीला मानवतो. शेताकडेला ट्रकने आणून मांडतात त्या बहुधा मेलिफेराच्या पेट्या.

सातेरी १० ते ११ मिलिमीटर, मेलिफेरा १२ ते १३. सातेरीच्या पोटावरचे फिकट पट्टे शेवटपर्यंत सारखे ठळक राहतात, मेलिफेराचे शेपटाकडे पुसट होत जातात. आकाराचा अंदाज चुकू शकतो, म्हणून पेटीच्या दारात बघायची एक खूण सांगतो, ही चुकत नाही. उकाड्यात काही कामकरी माश्या दाराशी पाय रोवून पंखा घालतात. त्यांची डोकी कुठे आहेत बघा. दाराकडे डोकं करून वारा घालतेय ती मेलिफेरा, ती आतली गरम हवा बाहेर ओढते. दाराकडे पाठ आणि बाहेर तोंड, ती सातेरी, ती बाहेरची हवा आत ढकलते. हे बघायला पेटीच्या बाजूला बसा. समोर बसलात तर त्यांची येण्या-जाण्याची वाट अडते आणि मग त्या तुमची खूण बघतात.

प्रश्न : (पत्र जसंच्या तसं) आमचं गुऱ्हाळ हाय. काहिलीपाशी, काकवीच्या डब्यांवर माशा बसायल्यात, गुळव्यांला चावायल्यात. धूर केला तर काय फरक पडंना. औषध मारू का? – करवीर तालुका

उत्तर : औषध मारू नका. ते उडून रसात आणि गुळात उतरतं. कोल्हापुरी गुळाला २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालंय, त्या नावाला असल्या फवाऱ्याने डाग लागायला नको.

तुमच्याकडे येतात त्या एकाच जातीच्या नाहीत. रसाच्या टाकीवर आणि मळीवर (रस उकळताना वर येणारा मळ) गर्दी करणाऱ्या बारीक पट्टेवाल्या, त्या सातेरी. त्यांच्यात बोटाच्या पेराएवढ्या, लांबट, सोनेरी दिसतात त्या आग्या. कंबर बारीक, अंग चकचकीत आणि काकवीपेक्षा डब्यावर बसलेल्या इतर माश्यांवरच जास्त डोळा, ती गांधील. शिवाय चिपाडावर घोंघावणाऱ्या पुष्कळशा साध्या माश्या, त्यांचा डंखाशी संबंध नाही.

मधमाशी घरापासून लांब चारा गोळा करायला आलेली असते तेव्हा ती राखणदार नसते. हाताखाली, पायाखाली, काखेत चिरडली तरच डंख मारते. म्हणूनच गुळव्यांना डंख बसतात ते तळपायाला आणि बोटांच्या बेचक्यात. धुराचा उपयोग मोहोळावर होतो : धूर लागला की माश्या घर सोडावं लागेल या भीतीने पोटभर मध भरून घेतात आणि थंडावतात. तुमच्या काहिलीपाशी त्यांचं घरही नाही आणि मधही नाही, मग धुराने काय होणार?

रसाच्या टाकीवर लाकडी चौकटीत ताणलेली दोन मिलिमीटरची नायलॉन जाळी टाका. नुसती जाळी पसरलीत तर ती रसात बुडते आणि माश्या तिच्यावरच बसून बुडतात, म्हणून चौकट हवी. मळी उकिरड्यावर उघडी टाकू नका, शंभरेक फुटांवर झाकणाच्या पिंपात टाका. निम्मी गर्दी मळीनेच बोलावलेली असते. सांडलेला रस दुपारी आंबायच्या आत पाण्याने धुवा. काकवी भरायचं काम उजाडायच्या आधी किंवा दिवे लागल्यावर करा, आणि त्या वेळी दिवा डब्यांच्या डोक्यावर नको, लांब ठेवा, नाहीतर आग्या दिव्यावर येते. गुळव्यांना बंद चपला द्या. पाण्याची टाकी उघडी असेल तर तिच्यात चिपाडाचे चार तुकडे तरंगत ठेवा. ऊन वाढलं की माश्या पाण्यावर येतात, त्यांना पाय टेकायला आधार मिळतो आणि तुमचं पाणी मेलेल्या माश्यांनी भरत नाही.

प्रश्न : खिडकीच्या वरच्या कोपऱ्यात गांधीलमाश्यांनी पोळं केलंय. पेटवून द्यावं असं घरातले म्हणतात. – इचलकरंजी

उत्तर : आधी कुठली गांधील ते ठरवा. पोळं उघडं, करड्या कागदाचं, एका देठाने लटकलेलं आणि त्यावरच्या माश्या सेंटिमीटरभर, तांबूस-तपकिरी, पोटावर एक पिवळी कडी, अशी असेल तर ती आपल्याकडची नेहमीची घरगुती गांधील. शास्त्रीय नाव रोपालिडिया मार्जिनाटा. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत राघवेंद्र गदगकर यांनी आयुष्यभर हिचाच अभ्यास केला. तिची राणी मारामारी करून राज्य करत नाही, इतर माश्यांत सहज मिसळून जाते, पोळ्यावर बघून ती ओळखणंही अवघड. ही माशी बागेतल्या अळ्या उचलून पिलांना भरवते. पोळं डोक्यापेक्षा दोन हात उंच असेल आणि ती खिडकी रोज उघडत नसाल तर राहू द्या.

दुसरी मोठी गांधील दोन ते अडीच सेंटिमीटर असते, काळी, पोटावर एकच रुंद पिवळा-नारिंगी पट्टा. तिचं पोळं झाडाच्या ढोलीत, जमिनीच्या बिळात किंवा भिंतीच्या पोकळीत, कागदाच्या कवचात झाकलेलं. ती घरगुती गांधिलीच्या पोळ्यावर धाड घालून अळ्या पळवते. म्हणजे काळी मोठी माशी खिडकीशी येऊन गेली आणि दुसऱ्या दिवशी पोळं ओस पडलेलं दिसलं, तर तुमचं काम तिनेच केलं. तिच्या स्वतःच्या पोळ्याला मात्र हात लावू नका, ते काम जाणकार माणसाचं.

खिडकी रोजच्या वापरातली असेल तर घरगुती गांधिलीचं लहान पोळं काढता येतं. पूर्ण अंधार पडल्यावर, सगळ्या माश्या पोळ्यावर बसलेल्या असताना, खोलीतला दिवा बंद करून बॅटरीच्या काचेवर लाल जिलेटिन लावा. लाल रंग त्यांना जवळजवळ दिसत नाही. लिटरभर पाण्यात दोन मोठे चमचे भांडी घासायचा द्रव साबण मिसळून फवाऱ्याने पोळं एका दमात चिंब भिजवा. किडा पोटाच्या बाजूच्या छिद्रांतून श्वास घेतो, साबणाचं पाणी त्यांत शिरतं. साधं पाणी घरंगळून जातं, आणि मग त्या उठतात. पूर्ण बाह्या, कानटोपी, चष्मा हवा, आणि मागे उघडं दार असलं पाहिजे. नंतर देठ मुळापासून खरवडा आणि जागेवर तेलाचा हात फिरवा. पेटवू नका. पडदा, वायरिंग आणि माशी तिन्ही एकदम पेटतात.

प्रश्न : भिंतीतल्या फटीतून राळेसारखी मऊ नळी बाहेर आलीय, तोंडाशी डासाएवढ्या काळ्या माश्या बसतात. विषारी आहेत का? – आजरा

उत्तर : पोया. तीन-चार मिलिमीटरची मधमाशीच, पण नांगीच नाही. फार छेडलं तर केसांत शिरून चावा घेते, एवढंच. नळी बुजवू नका. भिंतीला रंग देणार असाल तर तेवढी बोटभर जागा सोडा.

प्रश्न : सागवानी तुळईला रुपयाएवढी गोल भोकं पडलीत, खाली भुसा पडतो. काळा भुंगा आत-बाहेर करतो. वाळवीचं औषध भरलं, उपयोग झाला नाही. – पन्हाळा

उत्तर : आपल्या भाषेत ‘भुंगा’ दोघांना म्हणतात आणि घोटाळा तिथेच होतो. नारळ पोखरणारा गेंडा भुंगा म्हणजे कठीण कवचाचा किडा. तुमच्या तुळईतला मात्र भ्रमर, म्हणजे लाकूड कोरणारी मधमाशी. तो लाकूड खात नाही, फक्त पोखरतो, म्हणून वाळवीचं औषध त्याच्या पोटात जातच नाही. पंखांना मोरपंखी चमक असलेली मोठी काळी मादी नांगी बाळगते, पण मुठीत धरल्याशिवाय वापरत नाही. आडवा येऊन तोंडासमोर घोंघावतो तो नर, त्याला नांगीच नाही. काही जातींचे नर पूर्ण पिवळे असतात, त्यामुळे लोकांना ती वेगळीच माशी वाटते.

भोक सरळ आत जात नाही. बोटभर आत जाऊन लाकडाच्या रेषेत काटकोनात वळतं आणि तिथे पराग भरलेल्या कोठड्या असतात. आता बुजवलंत तर आतली पिलं दुसरं भोक पाडून बाहेर येतील. पिलं निघून वर्दळ थांबली की भोकात तारेचा ब्रश फिरवा, त्याच मापाची लाकडी खुंटी फेविकॉल लावून ठोका आणि तुळईला वॉर्निश किंवा ऑइलपेंटचे दोन हात द्या. रंगवलेल्या लाकडाला भ्रमर सहसा तोंड लावत नाही, उघडं आणि उन्हाने सुकलेलं लाकूड शोधतो. अंगणाच्या कोपऱ्यात जुन्या वाळक्या बांबूचे दोन-तीन तुकडे आडवे बांधून ठेवलेत तर तुळईवरचा डोळा बराचसा निघतो.

प्रश्न : उसावर पांढरा लोकरी मावा दिसतोय आणि त्याच पानांवर पट्टेवाल्या माश्या. या माश्याच मावा पसरवतात का? – शिरोळ

उत्तर : उलट. २००२ मध्ये सांगली भागात लोकरी मावा उतरला तेव्हापासून हा प्रश्न येतोय. हवेत खिळल्यागत थांबणारी ती सिरफिड माशी माव्याच्या वसाहतीत अंडी घालायला येते. पान उलटं करून बघा : पाय नसलेली, जळवेसारखी, हिरवट-मळकट अळी माव्यात तोंड वर उचलून बसलेली असते. ती मावा धरून शोषते आणि रिकामं कातडं टाकून देते, वाढीच्या काळात शेकडो. अशा अळ्या बऱ्याच पानांवर दिसत असतील तर फवारणी थांबवा.

प्रश्न : वांग्याच्या फुलावर सातेरी बसतच नाही, पण एक निळसर माशी फुलाला लोंबकळून ‘भुर्रर्र’ आवाज करते. – हातकणंगले

उत्तर : वांगी-टोमॅटोचा पराग पिठाच्या डब्यासारख्या बंद परागकोशात असतो, टोकाला बारीक भोक. निळ्या पट्ट्यांची माशी फुलाला जबड्याने धरते आणि छातीचे स्नायू थरथरवून पराग हलवून पाडते. सातेरीला ही विद्या येत नाही. फवारणी संध्याकाळी, फुलावरची वर्दळ संपल्यावर करा, आणि बांधावरची उघडी मातीची कड नांगरू नका, तिची बिळं तिथेच असतात.

प्रश्न : भेंडीच्या फुलावर नारिंगी-काळ्या पट्ट्यांचे किडे. हाताने वेचले तर बोटांना फोड आले. – राधानगरी

उत्तर : हिंगे. हे ना माशी ना गांधील, कठीण पंखांचा किडा. डंख मारत नाही, चिरडला की गुडघ्यातून निघणाऱ्या रसाने फोड येतात. सकाळी गारठलेले असताना रबरी हातमोजे घालून साबणाच्या पाण्याच्या डब्यात झटका. फोड फोडू नका, हात डोळ्याला लावू नका.

प्रश्न : गडावर फिरताना आग्या मोहोळ उठलं तर नेमकं काय करायचं? कुणी म्हणतं झोपून राहा, कुणी म्हणतं पाण्यात उडी मारा. – कोल्हापूर

उत्तर : दोन्ही नको. पळा. नाक-तोंड ओढणीने, शर्टाने झाका आणि सरळ पळत सुटा, बंद खोली किंवा गाडी मिळेपर्यंत. हात हलवून झटकू नका. पाण्यात माश्या वर घिरट्या घालत थांबतात आणि तुम्हाला श्वासाला डोकं बाहेर काढावंच लागतं.

मधमाशीच्या नांगीला उलटे काटे असतात. नांगी कातडीत अडकते आणि विषाच्या पिशवीसकट तुटून मागे राहते, माशी मरते. त्या पिशवीतून पिकल्या केळ्यासारखा वास सुटतो. हाच धोक्याचा इशारा, आणि म्हणून ज्याला पहिला डंख बसतो त्याच्याच मागे बाकीच्या लागतात. पिशवी पुढचा अर्धा-पाऊण मिनिट विष ढकलत राहते. सुरक्षित जागी पोचताच नखाने, कार्डाने, कशानेही काटे खरवडून काढा. कशाने यापेक्षा किती लवकर याला महत्त्व आहे.

इथेही ओळख पटते : कातडीत काळा काटा राहिला असेल तर मधमाशी. काटा नाही आणि एकाच माशीने तीन-चारदा डंख मारला, तर गांधील. तिची नांगी गुळगुळीत असते.

जागा साबणाने धुवा, कापडात गुंडाळलेला बर्फ दहा मिनिटं ठेवा. चुना लावू नका, सुजलेली कातडी भाजते. लोखंड घासल्याने काही होत नाही. अंगभर गांधी उठल्या, ओठ-जीभ सुजली, दम लागला, चक्कर आली किंवा उलटी झाली तर एकच डंख असला तरी थांबायचं नाही, १०८ ला फोन करा. अशा वेळी ॲड्रेनलिनचं इंजेक्शन लागतं, ते घरात नसतं. लहान मूल किंवा म्हातारं माणूस असेल, किंवा डंख पंधरा-वीसच्या वर असतील, तर लक्षणं नसली तरी कोल्हापुरातल्या सीपीआरसारख्या (छत्रपती प्रमिलाराजे) मोठ्या रुग्णालयात नेऊन काही तास देखरेखीखाली ठेवा. खूप डंखांचा त्रास मूत्रपिंडावर उशिरा दिसतो.

मोहोळ आपणहून उठत नाही. खालून धूर, दगड, घार किंवा मधुबाजाने मारलेली झडप, यातलं काहीतरी असतं. पोळ्याखाली चूल मांडू नका.

प्रश्न : अनंताच्या झाडाभोवती संध्याकाळी हिरवट अंगाची, पोटावर तांबडा पट्टा असलेली, अंगठ्याएवढी माशी फिरते. पंख काचेसारखे. नांगी केवढी असेल! – जयसिंगपूर

उत्तर : नांगी नाही आणि माशीही नाही. तो पतंग आहे. मिशा बघा, टोकाकडे जाड होत जातात, आणि फुलावर न बसता लांब सोंड आत घालून मध पितो. अनंताची पानं कुरतडणारी, शेपटावर शिंग असलेली हिरवी अळी त्याचीच. दोन-चार अळ्यांनी झाड मरत नाही. कोषातून नुकता निघालेला पतंग सापडला तर पंख नीट बघा. ते काचेसारखे नसतात, त्यावर करड्या खवल्यांची भुकटी असते, आणि पहिल्याच उड्डाणात ती झडून जाते.